दुसऱ्या ओळीतला चौथा चेहरा

हस्तलिखित माझ्या टेबलावर ठेवताना सर म्हणाले, "मॅडम, हे तुम्हीच करा. तुमच्याच भागातला माणूस आहे."

सर म्हणजे आमचे प्रकाशक. सांगलीत आजोबांपासून त्यांचा पुस्तकांचा धंदा. सभ्य माणूस, आवाज कधी चढत नाही. पण 'तुमच्याच भागातला' हा सूर माझ्या ओळखीचा आहे. पंधरा वर्षं झाली मी सांगलीत राहते, इथंच लग्न झालं, इथल्याच गाडीवरची भेळ खाते. तरी काही वेडंवाकडं छापून आलं की ते माझ्याच भागातलं असतं.

माणूस खरोखरच आमच्याकडचा होता. आमच्या भागातला कशाला, आमच्या गावचाच. सातारा जिल्ह्यातल्या उंब्रजहून आत वळलं की आमचं गाव, आणि त्याच्या नि आमच्या घरात दोन गल्ल्यांचं अंतर. आधी तो दुसऱ्याचा टँकर चालवायचा. पुढं स्वतःचे टँकर झाले. मग त्यानं एक बंद पडलेली पोल्ट्रीची शेड भाड्यानं घेतली आणि कोंबड्यांच्या जागी तिथं एमडीची, म्हणजे नशेची, पावडर तयार व्हायला लागली. टोळी मोठी होती. हा मधला माणूस, वरच्यांचं ऐकायचं आणि खालच्यांना पळवायचं. पकडला गेला, शिक्षा झाली, आणि शिक्षा भोगत असतानाच काविळीनं गेला. साताऱ्याच्या एका पत्रकारानं त्याच्या हयातीत मुलाखती घेऊन ठेवल्या होत्या. त्यांनीच त्याचं हे चरित्र लिहिलं होतं.

तो माझ्या गावचा आहे हे मी सरांना सांगितलं नाही. नुसतं 'बरं' म्हटलं आणि गठ्ठा जवळ ओढला.

आमच्या घरात पदवी घेतलेली मी पहिली. हे मी कुणी न विचारताही सांगते आणि त्यात मला लाज वाटत नाही. वडील फौजेत होते. आमच्याकडं फौजेतून परत आलेल्या प्रत्येकाला मेजर म्हणतात, मग तो कुठल्याही हुद्द्यावरून आलेला असो. तसे तेही मेजर. सुट्टीवर आले की पेपर मोठ्यानं वाचायचे, अक्षराला अक्षर जोडत. माझं कॉलेज सुरू असताना ते वारले. मग माझं शिक्षण थांबू नये म्हणून धाकटा भाऊ बारावीनंतर शेतात उतरला. एमएच्या निकालाच्या दिवशी त्यानं आख्ख्या गल्लीत पेढे वाटले, अंगावर उसाच्या पाचटाचे ओरखडे तसेच. मी जे काम करते त्याच्या खाली हे सगळं आहे. म्हणून मी ते नीट करते.

माझी एक पद्धत आहे. लेखकानं काही ठासून लिहिलं असेल तर शेजारी लाल पेनानं लिहायचं, 'कुणी पाहिलं?' उत्तरात एखाद्या माणसाचं नाव किंवा कागद आला तर वाक्य राहतं, नाही तर जातं. आमच्याकडं छापायला येणारे लेखक या दोन शब्दांना वैतागतात. त्या हस्तलिखितात मी ते इतक्या वेळा लिहिले की पेन संपला.

पहिल्यांदा पावडर कशी करतात ती चार पानं काढली. कुठलं रसायन, कुठल्या क्रमानं, सगळं दिलेलं होतं. सर जरा हळहळले, "लोक तेच वाचतात हो." मी म्हटलं, "वाचतात म्हणूनच." मग त्याच्या गाड्यांची, गळ्यातल्या चेनची वर्णनं छाटली. आख्ख्या पुस्तकात पावडर ओढणारा एकही माणूस नव्हता. मी पत्रकारांना एका आईकडं पाठवलं, मुलाला व्यसनमुक्तीत ठेवून दमलेली. तिच्यावरचं प्रकरण पुस्तकातलं सगळ्यात चांगलं झालं.

पत्रकार ऑफिसला आले ते तणतणतच. "मॅडम, तुम्ही चरित्राचा पंचनामा केलात."

"पंचनाम्यात निदान पंच तरी असतात," मी म्हटलं. "हे बघा, 'आख्खं गाव त्याच्या पाया पडत असे.' कुणी पाहिलं?"

"लोक सांगतात."

"कुठले लोक?"

"गावातले. अहो, जत्रेत कुस्त्यांच्या मैदानात नारळ फोडायला त्यालाच बोलवायचे."

"नारळ फोडायला बोलावलं म्हणजे पाया पडणं नव्हे. आणि मी त्या..."

पुढचं गिळलं. मी त्या गावची आहे आणि मी कधी पडले नाही, असं तोंडावर आलं होतं. सर म्हणाले, "पडत असेल की एखादा, चहा सांगू का?" आणि पुस्तकातलं ते वाक्य कापलं गेलं. मला त्या दिवशी बरं वाटलं होतं. आमच्या गावाची एका वाक्याची तरी बदनामी वाचवली, असं.

मग फोटो आले.

मध्ये आठ पानं फोटोंची जायची होती. त्यात एक फोटो आमच्या वेशीवरच्या फ्लेक्सचा. त्याच्या वाढदिवसाचा. वर काळा चष्मा लावलेलं त्याचं मोठं तोंड, आणि खाली तिकिटाएवढे चेहरे, आठ-आठच्या तीन ओळी. खाली लिहिलेलं, 'शुभेच्छुक'.

ज्यानं आमच्याकडचे फ्लेक्स पाहिलेत त्याला सांगायची गरज नाही. त्या शुभेच्छुकांपैकी कुणी शुभेच्छा दिलेल्या नसतात. वाढदिवस पुढाऱ्याचा असो, बारक्या पोराचा असो, नाही तर शर्यतीच्या बैलाचा असो, खाली तोंडं लागतात. फ्लेक्सवाला लोकांच्या व्हॉट्सअॅपवरचे फोटो उचलतो आणि ओळ भरेपर्यंत चिकटवतो. विचारत कुणी नाही. आपलं तोंड वेशीवर बघून माणूस हसतो नि पुढं जातो. आमच्या गावात एकदा एका मेलेल्या माणसाचा फोटो शुभेच्छुकांत लागला होता, तरी कुणी भांडलं नाही. आहे तो गावातला, म्हणून आहे फ्लेक्सवर.

दुसऱ्या ओळीत चौथा माझा भाऊ होता.

फोटो मीच काढलेला. भाऊबीजेला माझ्या सांगलीच्या घराच्या गॅलरीत, मी घेतलेला आकाशी शर्ट घालून. त्यानं तो व्हॉट्सअॅपला लावला आणि तिथून तो एका पावडरवाल्याच्या हनुवटीखाली गेला.

त्याच महिन्यात भावाची सुपारी फुटली होती. पाच वर्षं आम्ही मुलगी शोधत होतो. शेती करतो म्हटलं की पाहुणे चहा पिऊन उठायचे. पुढं पुढं आईनं पोह्यांत शेंगदाणे घालणं सोडलं होतं. शेवटी रहिमतपूरकडचं स्थळ आलं. मुलीचे वडील फौजेतून निवृत्त, म्हणजे तेही मेजर, शिस्तीचे. मुलगी पतसंस्थेत नोकरीला. तिनं स्वतः भावाला सांगितलं होतं, की शेतीवाला चालेल, खोटं बोलणारा नको. लग्न वैशाखात धरलं होतं आणि पुस्तक फाल्गुनात येणार होतं.

मी सरांना सरळ सांगायचं होतं, हा माझा भाऊ आहे, हा फोटो काढा. एवढं एक वाक्य. पण ते म्हटलं असतं तर सरांच्या तोंडावर काय उमटेल ते मला दिसत होतं. राग नाही. ते फक्त समजूतदारपणे मान हलवतील आणि मनात म्हणतील, भागातलीच ती शेवटी. हे मला नको होतं.

म्हणून मी तत्त्व काढलं. "सर, या पोरांचा टोळीशी काही संबंध नाही. त्यांना विचारलेलं नाही. चेहरे झाकू या."

"सगळ्यांचे?"

"सगळ्यांचे."

"मोठ्याचा नको ना?"

"त्याचा कशाला? त्याचंच पुस्तक आहे."

सर हसले. "बरं, तुम्ही म्हणता तर. आपल्यालाही कुणाची नोटीस नको."

डीटीपी करणारी मुलगी एकेक चेहरा पुसत गेली आणि मी शेजारी बसून राहिले. पहिली ओळ, मग दुसरी. बारावा चेहरा त्याचा. तो पुसला गेल्यावर मी उठून गेले असते तरी चाललं असतं. पण चोविसावा होईपर्यंत बसले. हे सगळ्यांसाठी चाललंय, हे त्या मुलीला नाही, मलाच दाखवायचं होतं. फोटोखाली ओळ माझीच: 'ओळख पटू नये म्हणून इतरांचे चेहरे झाकले आहेत.'

छपाईला जाण्याआधी सर म्हणाले, "या खेपेला तुमचं काम लेखकाच्या बरोबरीचं आहे. आत पहिल्या पानावर तुमचं नाव घालू. कसं लिहायचं?" इतक्या वर्षांत पहिल्यांदा. मी कागद घेऊन पूर्ण नाव लिहिलं. माझं, वडिलांचं, आडनाव. लग्नानंतर मी आडनाव बदललेलं नाही. वडिलांनी अक्षरं जोडत आयुष्य काढलं, त्यांचं नाव एकदा पुस्तकात छापून यावं, एवढीच इच्छा होती.

पहिली प्रत गावाला घेऊन गेले. आईनं ती वडिलांच्या फोटोसमोर ठेवून हळदकुंकू वाहिलं, कुणाचं पुस्तक आहे हे न विचारता. भाऊ ट्रॅक्टरखालून आला. तेलकट हात टॉवेलला पुसून त्यानं फोटोंची पानं काढली.

"ह्यो आपल्या येशीवरचा फ्लेक्स की."

"व्हय." गावात गेले की माझीही भाषा पालटते.

"आन् तोंडं कुणी पुसली?"

"मी. तुज्यासाठी."

त्यानं बोट ठेवत मोजलं. "हितं मी. लय देखणा दिसतोय की गं अक्का. पावण्यांना ह्योच फोटू दावायचा हुता."

आई हसली, मीही हसले. जमलं, असं मला वाटलं.

आठ-दहा दिवसांनी गावच्या ग्रुपवर कुणीतरी दोन फोटो शेजारी शेजारी टाकले. एक पुस्तकातलं पान, दुसरा त्याच फ्लेक्सचा मोबाइलवर काढलेला जुना फोटो. खाली लिहिलं होतं, 'पोलिसांनी कुणाकुणाला झाकलंय बघा.' पोलिसांचा काही संबंध नव्हता. पण आमच्याकडं तोंड झाकलेला माणूस कुठं बघायला मिळतो? पेपरात. पुढं टेबलावर पकडलेला माल, मागं साहेब लोक, आणि मध्ये बुरखा घातलेले आरोपी. फ्लेक्स महिनाभर वेशीवर उघडा होता तेव्हा त्या चोवीस तोंडांकडं कुणी वर मान करून बघितलं नव्हतं. झाकल्यावर प्रत्येकानं नावं लावली.

मग रहिमतपूरहून मध्यस्थाचा फोन आला. "जरा थांबू या म्हणतात."

मी भावाला न सांगता रहिमतपूरला गेले, पुस्तक पिशवीत घेऊन. मेजर अंगणात खुर्ची टाकून बसले होते. मुलगी कामावर गेली होती. त्यांनी आत पाणी सांगितलं, मला बसवलं. मी सगळं समजावलं, फ्लेक्सवर फोटो कसे येतात, कुणाला विचारत नाहीत, चेहरे आम्हीच ऑफिसात झाकले, पोलिसांनी नाही.

त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. "आवं ताई, मला सांगताय व्हय? माझा फोटू बी लागतो की फ्लेक्सवर. मागं एका पोराच्या बारशाला लागला, मी त्याला अजून बगितलं न्हाई."

"मग अडचण काय हाय?"

"फ्लेक्सची न्हाईच अडचण." त्यांनी पुस्तक मागितलं, पहिलं पान उघडलं आणि माझ्या नावावर बोट ठेवलं. "ही तुमीच न्हवं?"

"व्हय."

"बापाचं नाव, आडनाव, समदं सोयरिकीच्या कागदावरचंच. पतसंस्थेत कुणाकडं तरी पुस्तक आलं हुतं, पोरीनं लगीच ओळखलं." त्यांनी बोट तसंच ठेवलं. "परक्यानं झाकलं असतं तर आमी म्हणलं असतं, छापखान्याची रीत आसंल. पर भणीनं भावाचं तोंड झाकलंय. पोरगी म्हणती, काय तरी आसल्याबिगर कोण झाकतंय?"

"मी चोवीस जणांचे झाकले."

"व्हय. पर त्यातला एक तुमचा."

मी त्यांना म्हणाले, मुलीशी एकदा बोलू द्या. ते म्हणाले, "बोला की. पर तिनं एकच इचारलंय. तुमी तुमच्या सायबाला सांगितलं हुतं का, ह्यो माझा भाऊ हाय म्हणून?"

लेखकांच्या कागदांवर हजारदा लाल शाईनं मी विचारलं होतं, आता मलाच कुणीतरी विचारलं होतं. खोटं बोलता आलं असतं. अंगणातली कोंबडी पायापाशी येऊन गेली.

"न्हाई सांगितलं," मी म्हटलं.

मेजरनी पुस्तक मिटून मला परत दिलं. चहा झाल्याशिवाय उठू दिलं नाही. चहा चांगला होता आणि तो पिता पिताच मला कळलं की हा त्या घरातला शेवटचा.

सोयरीक मोडली. मोडताना कुणी वाईट बोललं नाही, उलट साडी-नारळ नीट परत आलं, घडीसुद्धा न विस्कटता.

भाऊ ऊस भरलेल्या ट्रॉलीच्या दोरखंडाला गाठ मारत होता. मी रहिमतपूरचं सगळं सांगितलं. त्यानं गाठ पुरी केली, मग बोलला. "उघडा ठेवला असतास तर मी नुसता फ्लेक्सवरला हुतो, अक्का."

"मला तुला वाचवायचं हुतं."

"मला?" त्यानं दोर ताणून बघितला. "मला लाज न्हाई वाटत त्या फ्लेक्सची. त्यो मेला तवा त्याच्या मातीलाबी गेलतो मी. गावचा हुता. लाज तुला वाटली."

ट्रॉली हलली आणि तो चढून बसला.

पुस्तक बरं खपलं. दुसऱ्या आवृत्तीची गोष्ट निघाली तेव्हा मी सरांच्या केबिनमध्ये जाऊन म्हटलं, तो फोटो काढा आणि पहिल्या पानावरचं माझं नावही काढा. त्यांनी कारण विचारलं. या वेळी सांगितलं, पहिल्यापासून सगळं.

सर हातातला पेपरवेट खाली ठेवून म्हणाले, "मॅडम, तेव्हाच सांगायचंत की. फोटोच काढला असता. एका फोटोवाचून पुस्तक काय अडत होतं?"

मी त्यांच्या तोंडाकडं नीट बघितलं. ते समजूतदारपणे मान हलवतील अशी मला धास्ती होती, ती मान त्यांनी हलवली नाही. त्यांना नुसतं वाईट वाटलं होतं. इतकी वर्षं मी ज्याच्यापासून स्वतःला सांभाळत आले, ते त्या खोलीत त्या दिवशी तरी नव्हतं. आधी कधी होतं का, हे आता मला कुणाला विचारता येणार नाही. 'तुमच्याच भागातला' हे त्यांनी कदाचित फक्त माहिती म्हणून म्हटलं असेल. हे कळून मला हलकं वाटायला हवं होतं. वाटलं नाही. उलट त्यांचा राग आला, त्यांनी वाईट असायला हवं होतं म्हणून.

फोटो गेला. नाव गेलं. भावाला फोनवर सांगितलं तर म्हणाला, "आता काडलं तर म्हणतील, दाबलं परकरण. पर तुला बरं वाटत आसंल तर काड."

पुढच्या वर्षी चैत्रात गावची जत्रा होती. भाऊ मोटरसायकल घेऊन मला उंब्रजला घ्यायला आला. वेशीवर नवा फ्लेक्स लागला होता, जत्रा कमिटीचा. वर देवाचा मुखवटा, खाली गावातल्या पोरांचे चेहरे, चार ओळी. मी त्याला गाडी थांबवायला सांगितली.

वर्षानुवर्षं प्रूफं बघितल्यामुळं डोळ्याला सवय आहे, सुटलेलं काही असलं तर पटकन सापडतं. जुन्या फ्लेक्सवरचे जवळजवळ सगळे होते. झाकलेले ते पुन्हा उघडे होऊन हसत होते. त्यांची तोंडं एका बाईनं झाकली होती आणि ती बाई कुणाची बहीण हे गावाला माहीत होतं. दुसऱ्या ओळीत चौथा दुसराच कुणीतरी होता. मी चारही ओळी तीनदा बघितल्या. वरून खाली, मग उलट.

भावानं गाडी बंद केली नव्हती. पाय टेकवून, मान वळवून तो माझी वाट बघत होता.

"काय चुकलंय का त्यात?" त्यानं विचारलं.

"न्हाई," मी म्हटलं, आणि मागं बसले.